‘नीट’ला मार्क कमी पडले, मायक्रो घेऊ का?

पत्र असं आहे:

‘मॅडम, नमस्कार. मी सांगोला तालुक्यातल्या एका गावातून लिहितेय. यंदा बारावी सायन्स झाली. नीटला मार्क कमी पडले. आई-पप्पा म्हणतात, अजून एक वर्ष क्लास लाव, डॉक्टर हो. काका म्हणतात, बी.एस्सी. अॅग्री कर. मला मायक्रोबायोलॉजी घ्यावंसं वाटतंय. लम्पीच्या वर्षी आमची गाय गेली आणि नंतर डाळिंबाची बाग तेल्यानं गेली. दोन्ही वेळा मी एकच विचारत होते की आत नेमकं काय शिरलं? कुणी नीट सांगितलं नाही. पण मैत्रीण म्हणते, मायक्रो म्हणजे नुसतं पाठांतर, न कळणारी नावं. माझं दहावीपर्यंत मराठी माध्यम. आजी म्हणते, जंतू हाताळून घरी आजार आणशील. आणि सगळे विचारतात, नोकरी कुठे लागणार? काय करू? – तुमची एक वाचक.’

प्रिय मुली,

तुझ्या पत्रात ‘डॉक्टर’ हा शब्द एकदाच येतो आणि तोही आई-पप्पांच्या तोंडी. गायीबद्दल आणि बागेबद्दल मात्र तू स्वतःहून लिहिलंस. मला उत्तर तिथेच दिसतं. तरी तुला मी सरळ ‘घे’ म्हणून मोकळी होणार नाही, कारण हा विषय ज्या मनानं घ्यावा त्यावर पुढची तीन-चार वर्षं कशी जातील ते ठरतं.

आधी नीटचं. पेशंट तपासायचा, वॉर्डात उभं राहायचं ही ओढ असेल आणि मार्क थोडक्यात हुकले असतील, तर एक वर्ष देण्यात काही गैर नाही. पण ‘तोवर बी.एस्सी.ला नाव घालून ठेवू आणि बाजूनं नीटचा अभ्यास करू’ हे करू नकोस. मी शिकवत असताना दर वर्षी अशा मुली बघायचे. पहिल्या सत्रात प्रॅक्टिकल बुडतात, जर्नल दुसरीचं बघून उतरवलं जातं, हात तयार होत नाही. मे महिन्यात नीट पुन्हा हुकली तर हातात ना हे राहतं ना ते. आई-पप्पांशी एकदा शांतपणे बसून बोल. त्यांना ‘मला अभ्यास नकोय’ असं ऐकू येत असेल. ‘मला हा अभ्यास हवाय’ असं त्यांच्यापुढे ठेव.

काकांचं म्हणणंही उडवून लावू नकोस. सीईटी दिली असशील आणि मार्क चांगले असतील, तर अॅग्री हा खरोखर चांगला रस्ता आहे. तिथे वनस्पतिरोगशास्त्र हा पूर्ण विभाग असतो आणि पुढे त्यात एम.एस्सी. करता येतं. फरक इतकाच की अॅग्रीत माती, पाणी, पीक, अर्थशास्त्र, यंत्रं असं सगळं थोडं थोडं येतं आणि जिवाणू-विषाणू त्यातल्या मोजक्या पेपरांत. मायक्रोत तू थेट त्या जीवापाशी जाऊन बसतेस. तुझा प्रश्न ‘बाग कशी वाचवू’ असता तर मी अॅग्री म्हटलं असतं. तुझा प्रश्न आहे ‘आत नेमकं काय शिरलं’, आणि हा प्रश्न सूक्ष्मजीवशास्त्राचा आहे.

तर तुझ्याच दोन उदाहरणांवर बोलू, म्हणजे विषय कसा आहे हेही कळेल.

तेल्या हा जिवाणूचा रोग. झॅन्थोमोनास नावाचा काडीच्या आकाराचा जिवाणू. पानाला जी श्वासछिद्रं असतात त्यातून, नाहीतर छाटणीच्या, काट्याच्या, किडीच्या जखमेतून तो आत जातो. पानाच्या पेशींच्या मधल्या जागेत वाढतो, तिथे पाणी साठतं, म्हणून डाग आधी तेलकट दिसतो. पावसाचा थेंब त्या डागावर आपटला की जिवाणू शिंतोड्यांबरोबर शेजारच्या पानावर. रोगट झाडावरून तीच कात्री पुढच्या झाडाला लावली की माणूसच तो पोहोचवतो. लागणीची रोपं रोगट आली असतील तर बाग पहिल्या दिवसापासून आजारी. दमट हवेत, मृग बहारात तेल्या का जोर धरतो याचं उत्तर एवढ्यात आलं. सोलापूरजवळ केगावला डाळिंबाचं राष्ट्रीय संशोधन केंद्र २००५ पासून आहे आणि तेल्या हा तिथल्या कामातला मोठा विषय आहे. तुझ्या घरापासून फार लांब नाही. कॉलेजची सहल म्हणून का होईना, एकदा जाऊन ये.

आता कॉलेजात गेल्यावर करून बघण्याची एक गोष्ट. तेल्याचा ताजा डाग असलेलं पान घ्यायचं. डागाच्या कडेचा, म्हणजे अर्धा भाग रोगट आणि अर्धा हिरवा असा, भाताच्या शिताएवढा तुकडा ब्लेडनं कापायचा. काचपट्टीवर पाण्याच्या थेंबात ठेवून वर कव्हरस्लिप, म्हणजे पातळ छोटी काच, टाकायची आणि लगेच कमी क्षमतेच्या भिंगाखाली बघायचं. कापलेल्या कडेतून धुरकट लोट बाहेर पडताना दिसतो. तो लोट म्हणजे लाखो जिवाणू. बुरशीच्या डागातून असा लोट येत नाही, तिथे तंतू आणि बीजाणू दिसतात. दोन मिनिटांत, एका ब्लेडवर, रोग जिवाणूचा की बुरशीचा याचा पहिला अंदाज येतो. नुसत्या डागाकडे बघून दुकानदार जी औषधं हातात देतो, त्यातली कितीतरी बुरशीनाशकं असतात. मला या गोष्टीचं फार वाईट वाटतं. पैसा जातो, हंगाम जातो आणि जिवाणू तिथेच राहतो.

हाच जिवाणू प्लेटवर, म्हणजे झाकणाच्या बशीत ओतलेल्या अगार नावाच्या पोषक जेलीवर, वाढवला की दोन-तीन दिवसांत पिवळसर, चकचकीत, बुळबुळीत कॉलन्या येतात. एक कॉलनी म्हणजे बहुधा एकाच पेशीची सगळी संतती. म्हणून एकीला लूपनं, म्हणजे तारेच्या छोट्या कडीनं, स्पर्श करून दुसऱ्या प्लेटवर रेघा ओढल्या की शुद्ध वाण मिळतो. मग तो निरोगी रोपावर सोडायचा, तोच रोग येतो का बघायचं, आणि त्या रोपातून तोच जिवाणू पुन्हा काढून दाखवायचा. हे पूर्ण झालं की मगच ‘हा रोग याच जिवाणूनं होतो’ असं म्हणता येतं. रॉबर्ट कॉखनं १८८२ साली क्षयाचा जिवाणू दाखवला तो याच शिस्तीनं, आणि आज डाळिंबाच्या रोगालाही शिस्त तीच आहे.

लम्पीची गोष्ट वेगळी. तो विषाणू. देवीच्या विषाणूच्या कुटुंबातला, म्हणजे पॉक्सव्हायरस. गोचीड, डास, चावणाऱ्या माश्या त्याला एका जनावरावरून दुसऱ्यावर नेतात. त्याला स्वतःचं घर चालवता येत नाही. त्याच्यापाशी ऊर्जा तयार करायची सोय नाही, प्रथिनं बनवणारी रायबोसोम नाहीत. गायीच्या पेशीत शिरायचं, तिथली सामग्री वापरून स्वतःच्या प्रती काढायच्या आणि बाहेर पडायचं, एवढंच त्याचं जगणं. म्हणून तो प्लेटवर, अगारवर कधीच वाढत नाही. त्याला वाढवायला जिवंत पेशीच लागतात.

यातूनच पुढची गोष्ट उलगडते. पेनिसिलिन काय करतं? जिवाणू आपली भिंत बांधत असताना त्या बांधकामात खोडा घालतं. टेट्रासायक्लिन जिवाणूच्या रायबोसोमला अडवतं. विषाणूला भिंतही नाही आणि रायबोसोमही नाही. अँटिबायोटिकला धरायला तिथे काहीच सापडत नाही. मग डॉक्टरांनी तुमच्या गायीला इंजेक्शन का दिलं असेल? गाठी फुटल्या की जखमेत जिवाणू शिरतात, त्यांच्यासाठी. लम्पीच्या विषाणूसाठी नव्हे. हे तुला तेव्हा कुणी सांगितलं असतं तर इंजेक्शन देऊनही गाय का गेली हा सल इतका राहिला नसता.

२०२२ साली महाराष्ट्रभर गायी-बैलांना जी लस टोचली ती शेळ्यांच्या देवीची होती. शेळीच्या देवीचा विषाणू आणि लम्पीचा विषाणू इतके जवळचे भाऊबंद की एकाची ओळख झालेलं शरीर दुसऱ्यालाही ओळखतं. एडवर्ड जेन्नरनं १७९६ मध्ये गायीच्या देवीतून माणसाच्या देवीपासून संरक्षण दिलं, तत्त्व तेच. ती लस भारतात पहिल्यांदा टोचली गेली ती मुंबईत, १४ जून १८०२ रोजी, अॅना डस्टहॉल नावाच्या तीन वर्षांच्या मुलीला. त्या कुटुंबातल्या सर्वांत भयंकर विषाणूचा निकाल १९८० पर्यंत लागला, देवी जगातून गेली. त्याचा एक नातेवाईक अजून तुमच्या गोठ्यापर्यंत येतो.

आता सांग, यात पाठांतर कुठे होतं?

नावं लक्षात ठेवावी लागतात, हे खरं. नाही म्हणणार नाही. पण मैत्रिणीला जे पाठांतर वाटतं ते बहुतेक वेळा प्रॅक्टिकल न करता पुस्तक वाचल्यामुळे वाटतं. ग्रॅम स्टेन, म्हणजे जिवाणू रंगवून ओळखायची रीत, घे. परीक्षेत पाच मार्कांना येतो, मुली पायऱ्या पाठ करतात: क्रिस्टल व्हायोलेट, आयोडीन, अल्कोहोल, सॅफ्रानिन. दोन महिन्यांनी विसरतात. हातानं केलेली मुलगी विसरत नाही.

काचपट्टीवर जिवाणूंचा पातळ थर पसरायचा, वाळवायचा, आचेवरून दोन-तीनदा फिरवून पक्का करायचा. त्यावर जांभळा रंग एक मिनिट. मग आयोडीन एक मिनिट. आत रंगाचे आणि आयोडीनचे कण मिळून मोठाले गोळे होतात. आता काचपट्टी तिरपी धरून अल्कोहोल सोडायचं, आणि सगळं कसब इथे. ज्या जिवाणूची भिंत जाड, तिच्यातलं पाणी अल्कोहोलनं निघून जातं, भिंत आवळते आणि रंग आत अडकतो. ज्याची भिंत पातळ आणि वर चरबीचं आवरण, त्याचं आवरण विरघळतं, रंग वाहून जातो. ओघळ जांभळा येतोय तोवर थांबायचं नाही, रंगहीन व्हायला लागला की क्षणाचाही उशीर न करता पाण्याखाली धरायचं. काही सेकंदांचा खेळ आहे. जास्त वेळ सोडलं तर जाड भिंतीचेही रंग सोडतात आणि तुला चुकीचं उत्तर मिळतं. शेवटी गुलाबी सॅफ्रानिन. मग तेलाचा थेंब टाकून शंभरच्या भिंगाखाली: काही जांभळे, काही गुलाबी. हान्स ख्रिश्चन ग्रॅमनं ही रीत १८८४ मध्ये मांडली आणि आजही कुठल्याही मोठ्या हॉस्पिटलच्या लॅबमध्ये पू किंवा कल्चर आलं की पहिल्यांदा हेच करतात. कारण भिंत कशी आहे यावर कुठलं औषध आत पोहोचेल हे बऱ्याच अंशी ठरतं. तुझा तेल्याचा जिवाणू गुलाबी दिसेल.

म्हणून माझं म्हणणं एवढंच आहे: हा विषय हातातून डोक्यात जातो. प्रत्येक जिवाणूबद्दल स्वतःला विचारायची सवय लाव. याची भिंत कशी? हा काय खातो? हवा लागते की नको? एकाचे दोन व्हायला किती वेळ? पोषक वातावरणात ई. कोलाय हे आतड्यात राहणारे जिवाणू वीस मिनिटांत एकाचे दोन होतात. वहीत गणित कर. एका पेशीपासून सात तासांत एकवीस वेळा दुप्पट, म्हणजे जवळजवळ एकवीस लाख. दहा तासांत शंभर कोटींच्या वर. हे गणित एकदा स्वतः केलं की रात्रभर बाहेर राहिलेल्या भाजीचं, न उकळलेल्या दुधाचं, वेळेत न दिलेल्या औषधाचं सगळं समजायला लागतं. त्या शंभर कोटींत एखादा असा असतो ज्याच्यावर औषध चालत नाही. बाकीचे मेले की रान त्याचंच. जिवाणूंसाठी अँटिबायोटिकची फवारणी पुन्हापुन्हा केलेल्या बागेत तीच फवारणी नंतर का लागू पडत नाही, ते इथे कळतं.

विषाणू कॉलेजच्या मायक्रोस्कोपखाली दिसत नाहीत, म्हणून मुलींना तो भाग कोरडा वाटतो. पण एक प्रॅक्टिकल मला मनापासून आवडतं. सांडपाणी घ्यायचं, अतिशय बारीक गाळणीतून गाळायचं, म्हणजे जिवाणू मागे राहतात. ते गाळलेलं पाणी ठरावीक प्रमाणात पातळ करून ई. कोलायबरोबर मऊ अगारमध्ये मिसळून प्लेटवर ओतायचं. दुसऱ्या दिवशी प्लेटभर जिवाणूंचा धुरकट थर असतो आणि त्यात मध्ये मध्ये स्वच्छ गोल खिडक्या. प्रत्येक खिडकीच्या जागी जिवाणू खाणाऱ्या एका विषाणूनं सुरुवात केली आणि त्याच्या संततीनं आजूबाजूचे सगळे फोडले. खिडक्या मोज, पातळ किती केलं होतं त्यानं गुण, की मूळ पाण्यात असे विषाणू किती होते ते कळतं. न दिसणारी गोष्ट मोजता येते. फेलिक्स द’हेरेल यानं १९१७ मध्ये या विषाणूंना बॅक्टेरिओफाज म्हटलं आणि अँटिबायोटिक निकामी व्हायला लागल्यावर आज पुन्हा जगभर त्यांच्याकडे औषध म्हणून बघितलं जातंय.

इंग्रजीची भीती पहिल्या सत्रापुरती असते. वर्गात बोलणं निम्मं मराठीतच होतं आणि संज्ञा सगळ्यांनाच नव्या असतात, इंग्रजी माध्यमाच्या मुलींनासुद्धा. तू एक कर: प्रत्येक प्रकरण वाचलं की मराठीत आजीला समजावून सांग, मग इंग्रजीत लिही. आणि आकृत्या काढ. ज्याची आकृती न बघता काढता येते ते समजलेलं असतं. परीक्षेत वाक्यं साधी लिहिलीस तरी चालतं. संज्ञांचं स्पेलिंग मात्र चुकवू नकोस, कारण एका अक्षरानं जिवाणू बदलतो.

आजीला जे वाटतं ते चुकीचं नाही, म्हणून तिला सगळं सांग. बी.एस्सी.ला बहुतेक जिवाणू असे असतात जे धडधाकट माणसाला काही करत नाहीत. पण शिस्त अशी की प्रत्येक जिवाणू रोगकारक आहे असं धरूनच हाताळायचा. अॅप्रन घालूनच आत, आणि तो घरच्या कपड्यांत धुवायचा नाही. लॅबमध्ये खाणं-पिणं नाही, पेन तोंडात नाही, मोबाइल टेबलावर नाही. काम झालं की टेबल सत्तर टक्के अल्कोहोलनं पुसायचं. शंभर टक्के नव्हे, कारण थोडं पाणी असल्याशिवाय अल्कोहोल जिवाणूची प्रथिनं नीट गोठवत नाही. वापरलेल्या प्लेट्स बाहेर जायच्या आधी ऑटोक्लेव्हमध्ये: १२१ अंश, पंधरा पौंड दाब, पंधरा मिनिटं. आजीला सांग, तो म्हणजे मोठा प्रेशर कुकरच. बाहेर आल्यावर त्यात जिवंत काही राहत नाही.

या शिस्तीची किंमत काय असते याची एक गोष्ट प्रत्येक मायक्रोच्या मुलीला माहीत हवी. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला. वाल्डेमार हाफकिन या जिवाणूशास्त्रज्ञांनी ग्रँट मेडिकल कॉलेजमधल्या छोट्या जागेत लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी आधी स्वतःला टोचून घेतली. त्यानंतर लाखो लोकांना ती मिळाली. १९०२ मध्ये पंजाबात मुलकोवाल गावी एकाच बाटलीतली लस टोचलेल्या एकोणीस जणांना धनुर्वात झाला, सगळे गेले. दोष हाफकिन यांच्या प्रयोगशाळेवर आला, त्यांना कामावरून दूर केलं. पुढे चौकशीत पुढे आलेली गोष्ट अशी की गावात बाटली उघडताना मदतनिसाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट निर्जंतुक न करता तसाच वापरला गेला. धनुर्वाताचे बीजाणू मातीत असतात. हाफकिन निर्दोष ठरायला १९०७ उजाडलं. परळची हाफकिन इन्स्टिट्यूट १९२५ पासून त्यांच्या नावानं आहे. लूप लाल होईपर्यंत ज्योतीत धरायचा कंटाळा आला की मुलकोवाल आठवायचं.

आता नोकरी. इथे मी गोड बोलणार नाही. नुसत्या बी.एस्सी. मायक्रोवर नोकरी लागते, पण सुरुवातीचा पगार कमी असतो आणि पुण्यात खोली भाड्यानं घेऊन राहायचं तर ओढाताण होते. काम कुठे असतं? औषध कंपन्यांच्या क्वालिटी कंट्रोलमध्ये: इंजेक्शनची बॅच निर्जंतुक आहे का हे चौदा दिवस लक्ष ठेवून तपासायचं, खोलीतली हवा, पाणी, कामगारांचे हातमोजे तपासायचे, आणि प्रत्येक गोष्टीची नोंद करायची. शिफ्ट असते, रात्रपाळीही येते. दूध संघात: दुधात मिथिलीन ब्लू टाकून निळा रंग किती वेळात जातो ते बघतात, जितका लवकर जाईल तितके जिवाणू जास्त. साखर कारखान्यांच्या डिस्टिलरीत यीस्ट सांभाळायला, सांडपाणी प्रक्रियेत, पाणी तपासणीच्या लॅबमध्ये, रायझोबियमसारखी जिवाणू खतं करणाऱ्या युनिटमध्ये. तुझ्या जिल्ह्यात दूध आणि साखर दोन्ही आहे, हे लक्षात ठेव. रक्त-लघवी तपासणाऱ्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये जायचं असेल तर नुसती बी.एस्सी. पुरत नाही, डीएमएलटी हा लॅब तंत्रज्ञाचा डिप्लोमा करावा लागतो.

संशोधनात जायचं असेल तर मनाची तयारी लांबच्या पल्ल्याची हवी. बी.एस्सी., मग एम.एस्सी., मग सीएसआयआर-नेट ही देशपातळीवरची परीक्षा. तिच्यातून जेआरएफ, म्हणजे संशोधनाची शिष्यवृत्ती, मिळाली की दरमहा ३७,००० रुपये विद्यावेतन मिळतं आणि पीएच.डी. सुरू होते. या विषयाला महाराष्ट्रात जेवढी जागा आहे तेवढी देशात फार थोड्या ठिकाणी असेल. पुण्यात राष्ट्रीय विषाणू संस्था १९५२ पासून आहे. कर्नाटकातल्या क्यासनूर जंगलातल्या माकडतापाचा विषाणू १९५७ मध्ये तिथल्याच शास्त्रज्ञांनी शोधला आणि २०२० च्या मार्चमध्ये कोरोनाचा विषाणू देशात पहिल्यांदा वेगळा केला तोही तिथेच. राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत उद्योगांना लागणाऱ्या सूक्ष्मजीवांचा संग्रह आहे. आघारकर संशोधन संस्थेनं २०२० मध्ये लोणारचं पाणी गुलाबी का झालं ते शोधलं: खारट पाण्यात वाढणारे, गुलाबी रंगद्रव्य असलेले सूक्ष्मजीव. पिंपरीला पेनिसिलिनचा सरकारी कारखाना पन्नासच्या दशकात उभा राहिला. हे सगळं तुझ्यापासून एका रात्रीच्या एसटीवर आहे.

आणि ‘नीट हुकली म्हणजे संपलं’ असं जे कुणी म्हणतं त्यांना जून अल्मेडा यांचं नाव सांग. स्कॉटलंडमधल्या ग्लासगोच्या एका बस ड्रायव्हरची ही मुलगी. घरात पैसे नव्हते म्हणून सोळाव्या वर्षी शाळा सुटली, हॉस्पिटलच्या लॅबमध्ये मदतनीस म्हणून लागली. इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपवर हात असा बसला की १९६४ मध्ये लंडनला तिनं एका सर्दीच्या नमुन्यात असा विषाणू बघितला ज्याच्याभोवती काट्यांचं कडं होतं. पहिल्यांदा पाठवलेला लेख ‘हे इन्फ्लुएन्झाचेच खराब फोटो आहेत’ म्हणून परत आला. ते माणसाच्या कोरोना विषाणूचं पहिलं चित्र होतं.

आता कॉलेज. इथे सगळ्यांत जास्त जपून वाग. नाव, इमारत, नॅकच्या मानांकनाचा फलक यापेक्षा लॅब बघ. प्रवेशाआधी मायक्रोच्या विभागात जा, परवानगी मागून आत उभी राहा. शंभरच्या भिंगाचे मायक्रोस्कोप किती आणि एकावर किती मुली? अगार मुली स्वतः करतात, स्वतः ओततात, की शिपाई तयार प्लेट हातात देतो? ऑटोक्लेव्ह चालू आहे का? तिसऱ्या वर्षाच्या एखाद्या मुलीला तिचं जर्नल दाखवायला सांग आणि तिला विचार, ‘ग्रॅम स्टेन तू स्वतः कितीदा केलास?’ ती हसून ‘मोजलेच नाहीत’ म्हणाली तर तिथे प्रवेश घे. ‘एकदा, ग्रुपमध्ये’ म्हणाली तर कॉलेज कितीही मोठं असो, दुसरं बघ. नव्या शैक्षणिक धोरणात मेजर (मुख्य) आणि मायनर (दुय्यम) असे विषय असतात, तेव्हा मायक्रो तिथे मेजर म्हणून मिळतंय ना हे लेखी बघून घे.

प्रवेश होईपर्यंत घरात जंतू वाढवायचे प्रयोग करू नकोस. त्याऐवजी पेरणीनंतर महिनाभरानं शेतातलं भुईमुगाचं किंवा मुगाचं एक रोप मातीसकट अलगद काढ, मुळं पाण्यात धू. मुळांवर बारीक गाठी दिसतील. एक गाठ नखानं फोड. आतून गुलाबी निघाली तर तिच्यातले रायझोबियम कामाला लागलेले आहेत, हवेतला नत्र पिकाला देतायत. त्या गुलाबी रंगाला कारण लेगहिमोग्लोबिन, आपल्या रक्तातल्या हिमोग्लोबिनचं नातलग. हे आई-पप्पांना आणि काकांना बांधावर उभं राहून दाखव. तू काय शिकायला निघालीस हे त्यांना माझ्या पत्रापेक्षा त्या गाठीतून लवकर कळेल.

शेवटी पैशाचं, कारण बाग गेलेल्या घरात तो प्रश्न आधी येतो. बऱ्याच कॉलेजांत मायक्रोची तुकडी विनाअनुदानित असते आणि तिची फी अनुदानित तुकडीपेक्षा खूप जास्त असते. ऑफिसात सरळ विचार, ‘ही तुकडी अनुदानित आहे का?’ लॅब फी वेगळी आहे का तेही विचार. उत्पन्नाचा दाखला, जातीचा लागत असेल तर तो, आणि अधिवास हे तिन्ही आत्ताच तहसीलमधून काढून ठेव, महाडीबीटी या सरकारी संकेतस्थळावर शिष्यवृत्तीचा फॉर्म सुटला की पहिल्या आठवड्यात भर. हॉस्टेलचा अर्ज वेगळा असतो, त्याची तारीखही आधीच विचारून ठेव.